बोरीचा पाला

आम्ही राहायला गेलो त्या दिवशी घरमालकांनी आम्हाला घर दाखवलं नाही, झाड दाखवलं. सामान अजून बाहेर जीपमध्येच होतं. मार्च संपत आला होता आणि वाऱ्याबरोबर बारीक पिवळी माती अंगणात येत होती. अंगणाच्या कोपऱ्यात, रस्त्याकडच्या भिंतीला खेटून, एक जुनी बोर उभी होती. तिचं खोड एकट्याच्या कवेत आलं नसतं. घरमालक खोडावर हात ठेवून म्हणाले, "ही हितली मालकीन. मीपन हिचाच भाडेकरी. हिला इचारा, ऱ्हाव काय म्हनून."

हे हसले. मीही हसले. घरमालक हसले नाहीत. आम्ही खरंच विचारू अशा समजुतीने ते थांबून राहिले. शेवटी यांनी झाडाकडे बघून, ऑफिसात साहेबाला रजा मागावी तशा आवाजात, "राहू का?" असं विचारलं. घरमालकांनी थोडा वेळ जाऊ दिला.

"ऱ्हावा म्हनतेय," ते म्हणाले. "सामान आना."

हे, म्हणजे माझे यजमान, जाऊन परवा वर्ष झालं. मी लिहायला बसले ती यांच्याविषयी. पण कागदावर पहिल्यांदा उतरले ते हे घरमालक. मी त्यांना हटवलं नाही. यांनाही ते आवडलं असतं असं वाटतं.

कुवेतला आम्ही पन्नासच्या दशकात बोटीने गेलो. हे रस्त्यांच्या खात्यात ड्राफ्ट्समन होते. आपली बाकीची मंडळी शहरात राहत, नाहीतर दक्षिणेला तेलाच्या वसाहतीत. मीना अल-अहमदीला यांचे एक मित्र होते. त्यांच्या क्वार्टरमध्ये विजेचा पंखा होता, नळ होता, आणि संध्याकाळी पत्ते खेळायला चार मराठी माणसं होती. आमच्या वाट्याला जहरा आलं. शहराच्या पश्चिमेला, खाडी संपते त्याच्याही पुढे, वाळवंटाच्या तोंडाशी बसलेलं मातीचं गाव. यांना तिथल्या रस्त्यांची मोजणी करायची होती आणि रोज शहरातून येणं-जाणं परवडणारं नव्हतं. मित्राची बायको मला म्हणाली, "तिथे दिवसभर करणार काय गं तू?" मी तिला सांगितलं, पुस्तकं आणली आहेत. ती पुस्तकं पहिल्या उन्हाळ्यातच दोनदा वाचून झाली.

गाव म्हणजे विहिरी, विहिरींच्या आधाराने वाढलेली खजुराची झाडं, लसूणघासाचे हिरवे वाफे, आणि त्यांच्याभोवती मातीच्या भिंतींची घरं. एका बाजूला तांबड्या मातीचा किल्ला होता. उन्हाळा आला की वाळवंटातले बदू पाण्यासाठी गावाबाहेर तंबू ठोकत आणि गाव दुप्पट होई. पाऊस पडला की तेच लोक उंट घेऊन निघून जात आणि तंबूंच्या जागी फक्त चुलीचे काळे दगड उरत. विहिरींच्या काठांना दोरांनी पडलेल्या खाचा होत्या. त्यात माझं मनगट सहज बसत असे.

अशा गावात आम्हाला मराठी बोलणारे घरमालक मिळाले ही कल्पना मला कित्येक दिवस खरी वाटली नव्हती.

ते रत्नागिरीच्या खाडीकाठचे. तरुणपणी एका गलबतावर भंडारी, म्हणजे स्वयंपाकी, म्हणून चढले आणि कुवेतला उतरले. परत का गेले नाहीत, याचं कारण ते सांगत, पण प्रत्येक वेळी वेगळं. मला एकदा सांगितलं की गलबताच्या नाखव्याने त्यांच्या आमटीला नावं ठेवली, म्हणून. यांना सांगितलं की समुद्र बघून बघून डोळे दुखायला लागले होते, जिथे पाणी दिसणार नाही अशा गावाला जायचं होतं. गावातली माणसं याहून सोपं सांगत. ते इथल्या एका व्यापाऱ्याची बाग राखायला आले आणि इथल्याच एका विधवेशी त्यांनी लग्न केलं. घर तिचं होतं. आम्ही जायच्या आधी काही वर्षं ती वारली होती. मूलबाळ नव्हतं.

गाव त्यांना 'हिंदी' म्हणे. आम्हाला त्यांनी खालू म्हणायला सांगितलं. खालू म्हणजे मावशीचा नवरा.

"पण खालू, मावशी कुठाय?" मी एकदा थट्टेने विचारलं.

"ती तू शोद. मी काय सगला करू?"

यांना ते 'मोजणीदार' म्हणत. "ओ मोजनीदार, आज काय मोजलास? वाळू किती भरली?" रोज संध्याकाळी हे दारातून आत यायचे आणि रोज हाच प्रश्न असायचा. हे कमी बोलणारे. पण थोड्या दिवसांनी हेही उत्तर द्यायला लागले. "कालच्यापेक्षा थोडी कमी भरली, खालू." मग खालू गंभीरपणे मान हलवत. "वारा नेतो. तुमच्या खात्यान वाऱ्याला नोटीस काडाया व्हवी."

त्यांच्या अंगात अरबांचा पायघोळ झगा असे आणि डोक्यावर मात्र कोकणातली कापडी टोपी. गावात नवीन आलेलं, टँकरमधून येणारं गाळलेलं पाणी ते पीत नसत. "उकळून मेलेला पानी" हे त्याचं नाव. विहिरीचं मचूळ पाणी स्वतः ओढून आणत. शहरात रत्नागिरीकडच्या एका दुकानदाराकडे आमसुलं मिळत. ती आणली की मला सार करायला लावत आणि प्यायल्यावर म्हणत, "आंबट नाय. तुमी देशावरचं लोक भ्याता आंबटाला." मी पुढच्या वेळी दुप्पट आमसुलं घातली. ते प्यायले, डोळे मिटले आणि म्हणाले, "आता जरा पान्यावानी लागला."

दर वर्षी थंडीच्या तोंडाला, पाऊस यायच्या आधी, ते घराच्या भिंती लिंपत. माती, गवताचा भुसा आणि पाणी अनवाणी पायांनी तुडवत, तासन् तास. गावात तोवर सिमेंट आलं होतं. यांनी सुचवलं की एकदा सिमेंटचा गिलावा केला तर दर वर्षीचा त्रास वाचेल.

"दर वरसाचा तरास नको तर मंग भिंत हवी कशाला?" खालू म्हणाले. "जिला हात लावाया लागत नाय ती भिंत आपली कशी?"

यांनी सिमेंटचा विषय पुन्हा काढला नाही. 

त्यांना सन, साल, तारीख काही ठाऊक नव्हतं. म्हणजे ठाऊक असेलही, पण ते वापरत नसत. त्यांचं लग्न 'भिंती विरघळल्या त्या पावसाच्या मागच्या पावसाला' झालं. टँकर आले ते 'पिवळी उंटीन विहिरीत पडली' त्यानंतर. किल्ल्यापाशी जुनी लढाई झाली होती, तिचं सालसुद्धा त्यांनी मला असंच सांगितलं. त्या वर्षी बोरी उशिरा पिकल्या. माझं शिक्षण इतिहासातलं. सुरुवातीला मी हे सगळं मनातल्या मनात सनावळीत बसवायचा प्रयत्न केला, मग सोडून दिला.

गावचा खरा इतिहास ते एका वेगळ्याच निमित्ताने सांगत. ते निमित्त मला पहिल्या महिन्यातच कळलं.

सकाळची वेळ होती. शेजारचे म्हातारे दारात येऊन उभे राहिले. ते आमच्या गल्लीतले सर्वांत वयस्कर गृहस्थ, विहिरीवर कोणी आधी पाणी घ्यायचं याचे तंटे त्यांच्याकडे येत. त्यांच्या हातात खजुराच्या पातीची टोपली होती. ते काही बोलले नाहीत. खालूही काही बोलले नाहीत. शिडी लावून बोरीवर चढले, कोवळा नव्हे, जून पाला बघून ओरबाडला, टोपली भरून दिली. म्हातारे तसेच निघून गेले.

"कशाला हवा होता पाला?" मी विचारलं.

"कोन तरी गेला."

"कोण?"

"ते मी इचारत नाय. जोहरच्या बांगेला कलता."

तिथे मेलेल्या माणसाला शेवटची आंघोळ घालताना पाण्यात बोरीचा पाला चुरून टाकतात. पाण्याला साबणासारखा थोडा फेस येतो. बायका एरवी केसांनाही तो लावतात. गावात बोरी आणखीही होत्या, बागांमधून. पण आमच्या गल्लीची आणि आजूबाजूच्या गल्ल्यांची जी कोणी माणसं जात, त्यांच्यासाठी पाला याच झाडाचा, ही रीत खालूंच्या बायकोच्या आजीच्याही आधीपासूनची होती. पाला मागायचा नाही, टोपली घेऊन उभं राहायचं. देणाऱ्याने नाव विचारायचं नाही.

दुपारी जोहरच्या बांगेनंतर खालूंना नाव कळलं. संध्याकाळी झाडाखाली चहा घेताना ते त्या माणसाविषयी एक गोष्ट सांगू लागले. पुढे हे नेहमीचंच झालं. गेलेल्या माणसाची एकच गोष्ट, आणि तीही मोठी नसे. एक होता, त्याच्या घरचा कॉफी कुटण्याचा आवाज इतका गोड की तंबूंतले लोक त्या आवाजावर चालत येत. कॉफी मात्र वाईट. एक बाई होती, ती पावसानंतर वाळूला गेलेल्या बारीक चिरा बघून खाली कुठे भूछत्र वाढलंय ते सांगायची, आणि तिच्या घरात स्वतःचं शिंकाळं कुठे टांगलंय ते तिला सापडायचं नाही. एक जण दर बाजाराला एकच उंट विकायला नेई आणि परत घेऊन येई. त्याला तो विकायचा नव्हता, किंमत ऐकायची होती. गोष्ट झाली की खालू चहाचा शेवटचा घोट बुंध्याशी ओतत आणि उठत. पाला गेला त्या दिवशीही ओतत आणि एरवीही.

यांनी मोजणीचा कच्चा नकाशा अंगणात पसरला होता तेव्हाची गोष्ट. खालू त्यावर वाकून बघत होते. यांनी त्यांना विहिरी दाखवल्या, किल्ला दाखवला, आमची गल्ली दाखवली.

"ब्येस," खालू म्हणाले. "आन मेलेले खंय?"

"कब्रस्तान इथे आहे, खालू."

"ती जागा झाली. मेलेले खंय दावतास?"

"ते नकाशात दाखवत नाहीत."

"मंग हा गाव अर्दाच हाय," ते म्हणाले. मग यांच्याकडे बघून त्यांनी विचारलं, "तुमच्यात मेलेल्याला आंगोल घालतंत?"

"घालतात की."

"कशान?"

"पाण्याने."

"नुस्त्या?"

"तुळशीपत्र ठेवतात तोंडात. गंगाजळ असतं."

"ता तोंडात. आंगोलीच्या पान्यात काय?"

हे नकाशा गुंडाळू लागले. खालूंनी माझ्याकडे पाहिलं. मी नकारार्थी मान हलवली. "नुस्त्या पान्यान मानूस कसा सुटल," असं स्वतःशीच पुटपुटत ते चूल पेटवायला गेले.

वाळवंटातल्या लोकांची आणखी एक रीत मी त्याच अंगणात शिकले. त्या दिवशी खालू भिंत लिंपत होते. कोपरापर्यंत हात चिखलात. दारातून एक पोरगेलासा बदू धावत आत आला, सरळ झाडापाशी गेला आणि त्याने खोडाला मिठी मारली. मागोमाग काठ्या घेतलेले दोघे दारात आले. खालूंनी हातातला चिखल टाकला नाही की विचारपूस केली नाही. तसाच हात स्वतःच्या दाढीवर ठेवून दोन शब्द बोलले. काठीवाले उंबऱ्यावर जागच्या जागी थांबले. मग काठ्या भिंतीला टेकवून बाहेर सावलीत बसले. खालूंनी त्यांना कॉफी पाठवली. आतल्यालाही त्याच भांड्यातली दिली.

ते दोन शब्द म्हणजे 'माझ्या तोंडावर'. याने जे केलं असेल ते असो, आता त्याला हात लावाल तर तो माझ्या तोंडाला लागेल, माझं तोंड काळं होईल. एवढं म्हटलं की पाठलाग थांबतो. मग वडीलधारे बसतात, तंटा मिटवतात. हा तंटा विहिरीवरच्या पाळीचा होता. मिटेपर्यंत पोरगा आमच्याकडेच जेवला आणि माझ्या लिंबाच्या लोणच्याची बरणी त्याने एकट्याने संपवली.

"खालू, तो कोण होता ते तरी माहीत होतं का?"

"नाय."

"आणि चोर निघाला असता तर?"

"तर तोंडाला काला लागला असता. तोंड माजा हाय ना? वापरायचा नाय तर ठेवू कशाला?"

"मग आम्हीपण तुमच्या तोंडावर का?"

"घरात ऱ्हानाऱ्याला सांगावा लागत नाय, गो. तो असतोच." आणि जरा थांबून, "लोनचा संपवलान त्यान. दुसरा घाल."

खात्याने नवा रस्ता ठरवला तो आमच्या तिसऱ्या वर्षी. शहराकडून येणारा, डांबरी, दोन लॉऱ्या शेजारून जातील एवढा रुंद. त्याची रेघ यांच्या टेबलावर आली. आमच्या गल्लीत ती खालूंच्या समोरच्या भिंतीवरून आणि अंगणाच्या कोपऱ्यावरून जात होती. घर राहत होतं. भिंत आणि बोर जात होती.

यांनी रेघ दुसऱ्या बाजूला वळवून पाहिली. तिकडे विहीर होती. हे तसाच वळवलेला नकाशा घेऊन एंजिनियरसाहेबाकडे गेले आणि तसाच परत घेऊन आले. नंतरचे काही दिवस हे घरी येत आणि पेन्सिलींना टोकं काढत बसत. खालूंच्या "वाळू किती भरली"ला उत्तर नसे. शेवटी एका संध्याकाळी यांनीच सांगितलं. उभं राहून, हातात चहा न घेता.

खालूंनी ऐकलं. चहा संपवला. शेवटचा घोट बुंध्याशी ओतला. "बरा," एवढंच म्हणाले.

मुकादम माणसं घेऊन आला त्या सकाळी बोरीच्या खालच्या फांदीवर खालूंचा तपकिरी झगा टांगलेला होता. सणासुदीला अंगावर घ्यायचा, जरीच्या काठाचा. खालू त्याच्याखाली चटई टाकून बसले होते. मजूर म्हणजे त्याच तंबूंमधले बदू तरुण. खालूंनी दाढीवर हात ठेवला आणि झाडाकडे बोट करून तेच दोन शब्द म्हटले.

मजुरांनी एकमेकांकडे पाहिलं. माणसाला आसरा देतात, जनावरालाही कोणी दिला असेल. झाडाला कोणी दिल्याचं त्यांनी ऐकलं नव्हतं. पण शब्द उच्चारले गेले होते. त्यांच्यातल्या एकाने अदबीने विचारलं, "हे तोंड कोणत्या टोळीचं?"

"रत्नागिरी," खालू म्हणाले.

मजुराने तो शब्द हळूहळू म्हणून पाहिला. मागच्या दोघांनी मान डोलावली. वाळवंट मोठं होतं आणि आपल्याला माहीत नसलेल्या टोळ्या असतात हे त्यांना माहीत होतं. त्यांनी कुऱ्हाडी जमिनीवर ठेवल्या आणि गल्लीत सावलीला बसले. खालूंनी कॉफी चढवली.

मुकादम ओरडला, मग विनवण्या करू लागला. दुसऱ्या दिवशीही तेच. गल्लीतली माणसं येऊन बघून जात. शेजारचे म्हातारे येऊन चटईवर खालूंच्या शेजारी बसले. आपल्याला या माणसाचं सगळंच पटतं असं नाही हे दाखवायला ते थोडं अंतर ठेवून बसले होते. हे सकाळी कामाला जाताना त्या सगळ्यांच्या मधून, खाली बघत, नकाशाची गुंडाळी काखेत धरून जात.

मग साहेब आला. उंच, उन्हाने लाल झालेला इंग्रज. याआधी हिंदुस्थानात नोकरी केलेला, त्यामुळे हुकूम द्यायला पुरेल एवढं हिंदुस्थानी त्याला येत होतं. माणूस दुष्ट नव्हता. उन्हाळ्याआधी त्याला रस्ता पुरा करायचा होता. त्याने झाड पाहिलं, झगा पाहिला, बसलेले मजूर पाहिले. मग यांच्याकडे वळला.

"तुम इसी घर में रहता है?"

"यस सर."

"सब बोलता है, ये तुम्हारा सिखाया हुआ है. नक्शा पसंद नहीं आया, तो ये नाटक."

हे म्हणाले, "नो सर."  यांना स्वतःच्या बाजूने बोलता येत नसे. ते कधीच आलं नाही.

"कल काम शुरू नहीं हुआ," साहेब खालूंना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाला, "तो ये आदमी अगले जहाज से बंबई वापस."

तो गेला.  यांचे दोन धाकटे भाऊ पुण्यात शिकत होते, ते यांच्या या नोकरीवर. ही गोष्ट खालूंना ठाऊक होती. घरून पत्र आलं की ते नेहमी आधी त्या दोघांच्या परीक्षांची चौकशी करत.

खालूंनी यांना जवळ बोलावलं. "मोजनीदार, हा खरा? झाडापायी तुला काडतील?"

"साहेब बोलले म्हणजे काढतील. पण तुम्ही त्याचा विचार करू नका, खालू." यांचा आवाज सरळ होता. "झाड तुमच्या तोंडावर आहे."

"व्हय," खालू म्हणाले. "हाय."

 मग ते उठले, शिडी आणली. तिची खरं म्हणजे गरज नव्हती, झगा हाताच्या अंतरावर होता. पण पाल्यासाठी चढत तसेच ते दोन पायऱ्या चढले, फांदीवरून झगा काढला, झटकला, घडी घातली.

शेजारचे म्हातारे अरबीत काहीतरी कडवट बोलले. त्याचा अर्थ मला नंतर खालूंनीच सांगितला. हिंदी, तुझं तोंड एवढंच टिकलं का, असं ते विचारत होते.

खालूंनी त्यांना उत्तर दिलं आणि तेच आमच्याकडे वळून मराठीत सांगितलं, जणू आम्हालाही ते ठाऊक असायला हवं होतं. "तोंड येकच हाय. झाड त्या तोंडावर मागनं आला, हा आदीपासून घरात हाय. आदी घरातला."

 म्हातारे उठून घरी गेले आणि टोपली घेऊन परत आले. दारात उभे राहिले.

त्या दिवशी पाला खालूंनी एकट्याने काढला नाही. म्हाताऱ्यांच्या मागोमाग गल्लीतल्या बायका टोपल्या, परड्या, चादरी घेऊन आल्या. मजूर तरुण फांद्यांवर चढले आणि वरून पाला खाली टाकू लागले. मुकादम घड्याळाकडे बघत होता, पण त्याने कोणाला अडवलं नाही. मीही पदर खोचून वेचायला बसले. बोटांत काटे गेले. संध्याकाळपर्यंत बोर पानांवाचून उभी राहिली. दुसऱ्या सकाळी ती पाडली तेव्हा आवाज फारसा झाला नाही.

गच्च्यांवर आठवडाभर पाला वाळत होता. ज्याने त्याने आपापला वाटा घरी नेला. खालूंचं एक पोतं झालं. ते त्यांनी आपल्या खोलीत, आफ्रिकेच्या किनाऱ्यावरून आलेल्या जुन्या वाशाला टांगलं.

रस्ता झाला. खालूंनी भिंत मागे घेऊन पुन्हा बांधली, मातीचीच. आता ते संध्याकाळी नव्या भिंतीबाहेर, रस्त्याच्या कडेला खुर्ची टाकून बसत आणि चहाचा शेवटचा घोट डांबरावर ओतत. लॉऱ्यांचे ड्रायव्हर हॉर्न वाजवून त्यांना सलाम करत. "वाळू किती भरली?" हा प्रश्न त्यांनी बंद केला नाही. हे उत्तर देत, पण त्यांच्या डोळ्यांत न बघता. त्या दोघांमध्ये झाडाचा विषय पुन्हा कधी निघाला नाही. यांनी आभार मानले नाहीत आणि खालूंनी मानू दिले नसते.

लोकांचे वाटे एकेक करून संपले. कोणी केसांना वापरून संपवले, कोणाच्या घरी माणूस गेलं. मग पुन्हा दारात टोपली येऊन उभी राहू लागली. खालू पोतं खाली घेत, ओंजळीने पाला देत आणि पोतं परत टांगत. मी बघत असे. पोतं आधी माणसाएवढं होतं, मग उशीएवढं झालं.

"खालू, तुमच्यासाठी थोडा बाजूला काढून ठेवा," मी एकदा म्हटलं.

"देनारा नाव इचारत नाय, गो. मंग सोताचा नाव सांगून कसा चालल?"

साठच्या दशकात आम्ही परत आलो. यांची तब्येत तेव्हापासूनच थोडी थोडी बिघडत होती. निघायच्या दिवशी जीप रस्त्यावर उभी होती, जिथे बोर होती साधारण त्या जागी. खालूंनी माझ्या हातात फडक्याची एक लहानशी पुरचुंडी दिली.

"केसाला लाव," ते म्हणाले. यांच्याकडे त्यांनी पाहिलं नाही. मग यांना म्हणाले, "मोजनीदार, जा. तिथली वाळू मोज."

"तिथे वाळू नाही, खालू."

"मंग काय मोजनार? पंचाईतच."

मी पुरचुंडी केसांना वापरली नाही. का, ते तेव्हा सांगता आलं नसतं. पुण्याला कपाटात, हिवाळ्याच्या कपड्यांमध्ये ती ठेवून दिली.

पुढे दोनेक वर्षांनी तो आमसुलांचा दुकानदार सुट्टीवर आला असताना पुण्यात भेटायला आला. खालू गेल्याचं त्याने सांगितलं. घराच्या भिंती लिंपून झाल्या होत्या, त्यानंतर थोड्याच दिवसांत. गाव मोठ्या संख्येने आलं होतं. शेजारच्या म्हाताऱ्यांच्या मुलाने पाल्यासाठी खोलीतलं पोतं खाली घेतलं, पण त्यात काही नव्हतं. मग बाजारातून आणला. आता बाजारात तयार मिळतो, वाळवून, पुडीत बांधलेला, असं दुकानदार म्हणाला. हे त्या वेळी आरामखुर्चीत होते. त्यांनी सगळं ऐकलं. दुकानदार गेल्यावर मला म्हणाले, "शेवटची मूठ तुझ्याकडे आहे म्हणजे." मी हो म्हटलं. 

हे गेले ते सकाळी. यांचे धाकटे भाऊ दोघेही वेळेवर पोचले. एक आता प्रोफेसर आहे, एक बँकेत. न्हाणीघरात पाणी तापवलं. मी उठून कपाटापाशी गेले. पुरचुंडीची गाठ घट्ट बसली होती, ती दातांनी सोडवावी लागली. पाल्याचा हिरवा रंग गेला होता, हात लावला की भुगा होत होता. वास मात्र थोडा उरला होता. वाळलेल्या गवताचा आणि मातीचा.

बादली घेऊन धाकटे दीर बाहेर येत होते. मी त्यांना थांबवलं आणि मूठ पाण्यात सोडली. हाताने ढवळलं. पाण्यावर थोडा फेस आला.

"वहिनी, हे काय?"

"बोरीचा पाला."

"कोणी सांगितला घालायला? गुरुजींनी?"

"नाही," मी म्हटलं. "आमच्या घरमालकांनी दिलाय."